मुंबईजवळ

"कुठून आलात, डक?" काउंटरमागच्या म्हाताऱ्यानं विचारलं. स्टॅफर्डशायरच्या या भागात अनोळखी बाईलाही 'डक' म्हणतात, म्हणजे बदक. सुरुवातीला मला ते फार लागायचं. आता आपल्याकडच्या 'बाई गं'सारखं ऐकू येतं. मी म्हटलं, "इंडिया." तो हसला. "ते दिसलंच. इंडियात कुठं?" आणि मी एक क्षणही न थांबता म्हणाले, "मुंबईजवळ." तो समाधानानं मान हलवून पुढच्या गिऱ्हाइकाकडं वळला, आणि मी भिंतीवरचे जुने फोटो बघायला तीन पावलं पुढं गेले. तिथं एका फलकावर, इंग्रजी मजकुराच्या मधोमध लिहिलं होतं: बार्शी.

माझं गाव.

मुंबईपासून चारशे किलोमीटर. लंडनहून एवढं अंतर गेलं की माणूस न्यूकॅसलच्या आसपास पोचतो, आणि न्यूकॅसल 'लंडनजवळ' आहे असं तिथल्या माणसासमोर म्हणायची माझी हिंमत नाही. पण गेली सोळा वर्षं मी हेच सांगत आलेय. ऑफिसात, शेजारी, मुलीच्या शाळेत. बार्शी म्हटलं की पुढं सोलापूर सांगावं लागतं, सोलापूर म्हटलं की पुणे, आणि पुण्यानंतरही समोरच्याचे डोळे कोरेच राहिले की मुंबईवर यावंच लागतं. मग थेट मुंबईच का नको? वेळ वाचतो. इंग्लंडातल्या एका आडगावच्या, नव्वद वर्षांपूर्वी बंद पडलेल्या रेल्वे स्टेशनात, जिथं बार्शी हे नाव भिंतीवर लावलेलं आहे, तिथंही मी वेळ वाचवला.

ते स्टेशन म्हणजे ह्यूम एंड. लिहिताना त्यात एक 'एल' असतो, पण तो बोलायचा नसतो. ऑगस्टमधला रविवार होता, नवऱ्याला सायकलींच्या वाटेवर चालायचं होतं आणि मला चहा हवा होता, एवढ्याच कारणानं आम्ही तिथं गेलो होतो. मोटारी लावायची मोकळी जागा, त्याच्या कडेला बुटकी लाकडी इमारत. हेच जुनं तिकीटघर, आता त्यात माहिती केंद्र. पलीकडं इंजिनशेड होती, तिथं तिच्याच घाटाची नवी इमारत बांधून चहाचं दुकान काढलंय. स्वच्छतागृह आहे, बाकडी आहेत, नकाशे आहेत. आत एका काचेच्या पेटीत जुन्या स्टेशनची छोटी प्रतिकृती आहे, बोटभर माणसं आणि दुधाच्या कॅनांसकट. बहुतेक भारतीय स्टेशनांत नसतील इतक्या सोयी तिथं आहेत. नाही ती फक्त गाडी. रूळ उखडून त्यावर डांबर घातलंय, आणि त्यावरून रंगीबेरंगी हेल्मेटं घातलेली मुलं किणकिण घंटी वाजवत जातात.

लीक अँड मॅनिफोल्ड व्हॅली लाइट रेल्वे हे तिचं पूर्ण नाव. वॉटरहाऊसेस ते ह्यूम एंड, आठ मैलांच्या आसपासचा मार्ग, रुळांमधलं अंतर अडीच फूट. जून 1904 मध्ये सुरू झाली आणि मार्च 1934 मध्ये संपली. तीस वर्षंही धड पुरी झाली नाहीत. दोन इंजिनं, चार डबे. सुरुवात झाली तेव्हा वॉटरहाऊसेसपर्यंत मोठी रेल्वेच पोचली नव्हती, म्हणून लीकहून माणसं वाफेवर चालणाऱ्या बसनं आणून या गाडीत बसवायचे. ही रेल्वे 'कुठूनच नाही तिथून निघते आणि कुठंच नाही तिथं पोचते' असं लोक थट्टेनं म्हणायचे. नकाशा बघितला की पटतं. स्टेशनांना नावं ग्रिंडन, बटरटन अशी गावांची, पण गावं सगळी वर डोंगरावर आणि स्टेशनं खाली नदीकाठी. बाजारातून अंड्यांची टोपली घेऊन परतणाऱ्या बाईनं स्टेशनवर उतरायचं आणि मग तासभर चढ चढायचा. त्यापेक्षा ती बैलगाडीच्या, नाही, तिथं घोडागाडीच्या मागं बसून गेली असेल.

आणि या रेल्वेचा इंजिनिअर एव्हरर्ड काल्थ्रॉप. ज्याच्या नावाचं एक इंजिन या दरीत धावत होतं, तोच काल्थ्रॉप बार्शी लाइटचा.

बार्शी लाइट हे शब्द मी लहानपणी इतके ऐकलेत की ते कुणा कंपनीचं नाव आहे हे मला कॉलेजात जाईपर्यंत माहीत नव्हतं. लाइट म्हणजे दिवा असंच वाटायचं. संध्याकाळी कुर्डुवाडीहून येणाऱ्या गाडीचा पिवळा दिवा शेतांमधून डुलत यायचा, म्हणून बार्शी लाइट. माझे काका कुर्डुवाडीच्या रेल्वे कारखान्यात फिटर होते. त्यांच्या हाताला कायम ग्रीसचा वास असायचा, आणि जेवताना ते लिंबानं हात घासायचे तरी भाकरीला तो थोडा लागायचाच. त्यांच्यामुळं आमच्या घरात या गाडीबद्दल दोन मतं होती. आजोबा म्हणायचे, असली गाडी जगात नाही. काका म्हणायचे, असली गाडी जगात कुणी ठेवलीच नाही. तिच्या वेगाबद्दलच्या गोष्टी तर प्रत्येक घरात होत्या. शेंद्रीला उतरून बोरं वेचायची आणि चालत जाऊन पुन्हा तोच डबा गाठायचा, अशी एक. माझ्या मामाची लग्नाची वरात गाडीच्या पुढं निघून गेली, अशी दुसरी. दुसरी बहुतेक खोटी आहे, पण मामी अजून ती शपथेवर सांगते.

मला त्या गाडीतलं नक्की काय आठवतं? लाकडी बाक, आणि त्याच्या फटीत अडकलेली शेंगांची टरफलं. खिडकीची झडप वर सरकवताना होणारा खडखडाट. फलाट असा नव्हताच, जमीनच जराशी उंचावलेली. आजी लुगड्याचा काष्टा आवळून, दांडा धरून चढायची आणि वरून माझ्या बखोटीला धरून मला ओढून घ्यायची. डब्यात ज्वारीच्या भाकरी, शेंगाची चटणी, कांदा. आषाढीच्या आधीच्या दिवसांत मात्र आजी गाडीत बसू द्यायची नाही. पंढरपूरला जाणारे वारकरी आत मावेनात म्हणून टपावर बसलेले असायचे, टाळ वाजत असायचे आणि वरून कुणाचा तरी बुक्का खिडकीतून आत उडायचा. काळं, वाफेचं इंजिन मला आठवतं असं मी इतकी वर्षं म्हणत आलेय. ते खरंच आठवतं की काकांनी सांगून सांगून आठवायला लागलंय, हे आता मला ठरवता येत नाही.

काल्थ्रॉपचा जन्म 1857 चा. 1882 मध्ये तो ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेत नोकरीला हिंदुस्थानात आला. मुख्य मार्ग कुर्डुवाडीवरून, म्हणजे तेव्हाच्या बार्शी रोडवरून, पुढं सोलापूरकडं जायचा. बार्शीचा कापूस आणि धान्य तिथपर्यंत गाड्यांतून, धुळीतून यायचं. त्या वीस-बावीस मैलांसाठी मोठी रेल्वे परवडणारी नव्हती. त्यानं ठरवलं, अडीच फुटांची करू. पण त्याचं खरं डोकं रुंदीत नव्हतं, वजनात होतं. गाडीचं वजन सगळ्या आसांवर सारखं वाटायचं, एका आसावर पाच टनांपेक्षा जास्त भार येऊ द्यायचा नाही. मग हलके, स्वस्त रूळ टाकले तरी चालतात आणि त्यांवरून भरपूर माल नेता येतो. 1895 मध्ये कंपनी स्थापन झाली, लंडनमध्ये. इंजिनं लीड्सच्या किट्सन कारखान्यात तयार झाली, तिथंच जवळ रूळ टाकून गाडी चालवून बघितली, आणि 1897 मध्ये बार्शीला पहिली गाडी आली. पुढं एका बाजूला पंढरपूर आणि थेट मिरज, दुसऱ्या बाजूला लातूर, असं करत ती दोनशे मैलांवर गेली. 1954 मध्ये सरकारनं घेतली. आम्ही लहान असताना ती सरकारचीच होती, पण नावातून कंपनी काही गेली नाही.

1897 हे साल वाचून मी जराशी अडखळले. 1896-97 चा दुष्काळ सोलापूर जिल्ह्यानं कसा काढला हे आमच्याकडं पिढ्यान्‌पिढ्या सांगितलं जातं. पणजोबांच्या भावकीतलं अर्धं घर त्यात उठलं. म्हणजे ज्या वर्षी माणसं खडी फोडायला दुष्काळी कामांवर जात होती, त्याच वर्षी आमच्या गावात ही देखणी, हलकी, हुशारीनं बनवलेली गाडी शिटी देत आली. तिचा नफा लंडनला जाणार होता. काचेच्या पेटीतल्या त्या खेळण्यासारख्या स्टेशनसमोर उभं राहून मला काय वाटत होतं ते सांगणं अवघड आहे. ऊर भरून आला होता, आणि ऊर भरून आल्याचा थोडा रागही आला होता. आपल्या गावाचं नाव परदेशात भिंतीवर दिसलं की इतकं का हरखून जावं? तेही प्रयोगशाळा म्हणून.

पण मग मी त्या फोटोकडं बघितलं आणि राग राहिला बाजूला.

फोटोत मॅनिफोल्डचं इंजिन उभं होतं. मागं ओल्या गवताचा डोंगर, कुंपणाशी मेंढ्या, कोट घातलेला ड्रायव्हर. आणि इंजिनाच्या कपाळावर भलाथोरला दिवा. इंग्लंडात इंजिनांवर असे दिवे नसायचे, तिथं रुळांना दोन्ही बाजूंनी कुंपण असतं, गाडीनं काही शोधायचं नसतं. दिवा लागतो तो आमच्याकडं, जिथं रुळावर कुणाचीही म्हैस रवंथ करत बसलेली असू शकते. त्यानं बार्शीसाठी जुळवलेली सगळी कल्पनाच उचलून या दरीत आणली होती. फिकट पिवळ्या रंगाचे लांब डबे, त्यांच्या टोकांना उन्हाळी देशातल्यासारखे उघडे व्हरांडे, जेमतेम वीतभर उंचीचे फलाट. त्या गारठ्यात, त्या पावसात, व्हरांडे! आणि तो दिवा, जो तिथं फारसा कधी पेटवला गेलाच नाही. तीस वर्षं तो नुसताच कपाळावर बसून होता, लग्नात नेसायचा शालू नेसून भाजी आणायला निघाल्यासारखा.

एक गोष्ट मात्र इथं नवी होती, ती सांगायला हवी कारण काकांना ती फार आवडली. कुर्डुवाडीला मोठ्या गाडीतलं पोतं छोट्या गाडीत टाकायला हमालांची फौज लागायची. रूळ बदलला की माल उतरवा, चढवा. इथं त्यांनी बुटक्या, चाकांच्या गाड्या केल्या होत्या, त्यांच्यावर मोठ्या रेल्वेचा अख्खा डबाच चढवायचा आणि छोट्या रुळांवरून दरीतल्या स्टेशनांपर्यंत न्यायचा. लहान पोरानं मोठ्या भावाला खांद्यावर घ्यावं तसं. ब्रिटनमध्ये असा प्रकार पहिल्यांदाच झाला. कोळसा यायचा, दूध जायचं. एक्टनच्या डेअरीचं दूध हाच या रेल्वेचा खरा श्वास होता. ती डेअरी बंद पडली आणि पाठोपाठ दोन वर्षांच्या आत रेल्वेही.

चहा पिऊन आम्ही त्या वाटेनं चालायला लागलो. नवरा पुढं, मी मागं. रेल्वेची वाट पायाला लगेच कळते. चढ असला तरी तो जाणवत नाही, वळण असलं तरी ते हळूच येतं. रस्त्यासारखा तिला स्वतःचा तऱ्हेवाईकपणा नसतो. कडेला काटेरी झुडपांत ब्लॅकबेरी पिकायला लागल्या होत्या, ओल्या चुनखडीचा आणि शेणाचा वास होता. एक्टनला डोंगराच्या पोटात तांब्याच्या जुन्या खाणी आहेत. तिथून पुढं एक लहानसा बोगदा लागतो, स्वेन्सलीचा, आता त्यातून मोटारीही जातात. बोगदा खणण्याइतका काही तिथं डोंगर आडवा येत नाही. सांगतात की शेजारच्या स्वेन्सली हॉलमधल्या सर थॉमस वॉर्डल यांना खिडकीतून रेल्वे दिसायला नको होती, म्हणून ती जमिनीखालून नेली. हे वॉर्डल लीकचे रेशीम रंगवणारे मोठे कारखानदार, आणि या रेल्वेच्या कंपनीत संचालकही. हिंदुस्थानातल्या रानटी रेशमाला, टसरला, रंग कसा चढवायचा हे त्यांनी वर्षानुवर्षं शोधलं, त्यासाठी स्वतः हिंदुस्थान फिरून आले. त्या अंधारात माझा आवाज घुमवून बघताना मला आजीच्या कपाटातलं एकुलतं एक टसर आठवलं. आमच्याकडच्या गोष्टी या दरीत किती वाटांनी आल्यात, आणि मी मात्र येताना 'मुंबईजवळ'हून आले.

वेटन मिलच्या पुढं नदीचं पात्र कोरडं पडलं होतं. मॅनिफोल्डचं हे असंच आहे. उन्हाळ्यात पाणी चुनखडीच्या छिद्रांतून जमिनीखाली जातं आणि कित्येक मैल खाली इलमपाशी पुन्हा वर येतं. मधल्या पात्रात गोटे, पिवळं गवत, आणि त्यावर उभा राहून मोबाइलवर बोलणारा एक माणूस. मे महिन्यातली चंद्रभागा अशीच दिसते, फक्त तिथं वाळू असते आणि वाळूत रुतलेल्या नावा. पुढं डोंगरावर थॉर्स केव्ह नावाची भलीमोठी गुहा तोंड वासून दिसते. रेल्वेच्या दिवसांत तिथंही स्टेशन होतं, सुट्टीच्या दिवशी कारखान्यांतली माणसं पोरंबाळं घेऊन यायची. त्या दोन-चार दिवशी गाडी ओसंडून वाहायची म्हणे. बाकी वर्षभर रिकामी.

म्हणजे जी गोष्ट बार्शीत चालली ती इथं चालली नाही. तोच इंजिनिअर, तोच अडीच फूट, तेच पाच टनांचं गणित. आमच्याकडं कंपनीला पैसा मिळाला आणि रूळ वाढत गेले. इथं कधी फायदा असा झालाच नाही. मला त्याचं कारण साधं वाटतं. इथं त्या गाडीकडं दूध होतं. आमच्याकडं विठोबा होता. कापूस आणि डाळ होती हे खरं, पण वर्षाला चार वाऱ्या, आणि टपावर बसूनही तिकीट काढणारी माणसं (सगळे नव्हे, काका म्हणायचे, सगळे नव्हे) कुठल्या इंग्लिश दरीला मिळणार?

काल्थ्रॉपचं पुढं काय झालं हे मी घरी येऊन वाचलं. माणूस छांदिष्ट. अरबी घोडे पाळायचा, घोड्यांना मारून नव्हे तर मैत्रीनं शिकवावं यावर त्यानं पुस्तक लिहिलं. 1910 मध्ये त्याचा मित्र चार्ल्स रोल्स, रोल्स रॉइसमधला रोल्स, विमान कोसळून मेला. त्यानंतर काल्थ्रॉपनं पॅराशूट बनवायला घेतलं आणि त्याला नाव दिलं गार्डियन एंजल. पहिल्या महायुद्धात त्यातून शत्रूच्या मुलखात हेर उतरवले गेले, पण ब्रिटिश वैमानिकांना मात्र ते द्यायला वरचे अधिकारी तयार झाले नाहीत. 1927 मध्ये तो गेला. त्याच वर्षी बार्शी लाइट मिरजेला पोचली. आता कुर्डुवाडी, बार्शी, लातूर सगळीकडं ब्रॉडगेज आहे. गाडीला वेग आहे, डब्यांना पंखे आहेत, बोरं वेचायला कुणी उतरत नाही. मागच्या वर्षी मी बार्शी टाऊनच्या पाटीखाली उभी होते तेव्हा मुलगी म्हणाली, "आई, इथं टाऊन कुठंय?" तिला मी काही बोलले नाही.

आम्ही ह्यूम एंडला परत आलो तेव्हा साडेपाच वाजून गेले होते. वाटभर मी मनात वाक्य जुळवत आले होते. आधी दिलगिरी, मग त्या फलकाकडं बोट, मग "हे माझं गाव." म्हाताऱ्याचा चेहरा कसा होईल, तो आतून आणखी कुणाला बोलावेल का, मला काही विचारेल का, विचारलं तर मला काही माहीत आहे का. तिकीटघराला कुलूप होतं. काचेतून आत बघितलं तर प्रतिकृतीवरचा दिवा बंद झालेला, फलक अंधारात. मोटारतळावर आमची एकटीच गाडी उरली होती. नवरा म्हणाला, "पुढच्या वेळी सांग." त्याचं गाव पुणे. त्याला कधी असं काही जुळवावं लागत नाही.

रात्री काकांना व्हिडिओ कॉल लावला. आता ब्याऐंशी वर्षांचे आहेत, फोन कानाला लावतात, त्यामुळं मला कायम त्यांचा कान आणि भिंतीवरचं कॅलेंडर दिसतं. मी सगळं सांगितलं. दोन इंजिनं, व्हरांडे, डब्यावर डबा, कपाळावरचा दिवा. दिव्याला ते एवढ्या जोरात हसले की खोकला लागला. "म्हशी न्हाईत व्हय तिकडं?" "आहेत, गाई आहेत काका, पण कुंपणात." "मग येडाच म्हणायचा की." मग डब्यावर डबा पुन्हा समजावून सांगायला लावलं, चाकं किती, साखळी कुठं बांधायचे, उतारावर ब्रेक कुणाचा. मला त्यातलं काहीच सांगता आलं नाही. "तू नुसती बघून आलीस," ते म्हणाले. थोडा वेळ त्यांचा कान नुसताच दिसत राहिला.

"आन् त्या म्हाताऱ्याला सांगितलंस का, बार्शीची हाय म्हणून?"

"सांगितलं की," मी म्हणाले.

"मग काय म्हणला?"

"खूश झाला काका. चहाचे पैसेच घेतले नाहीत."